वाघ, धपाटं आणि गोष्टींचं खोकं

सोयाबीनचा सौदा करताना पोत्यातली वरची मूठ कुणी बघत नाही. वरची मूठ सगळ्यांचीच चांगली असते. कोपरापर्यंत हात घालायचा, तळाचे दाणे काढायचे, तळहातावर पसरून फुंकर मारायची आणि दोन दाणे दाताखाली घ्यायचे. कट्‌ असा आवाज आला तर माल वाळलेला, दाणा दबला तर ओला. लातूरच्या मार्केट यार्डात एका आडतीवर मी एकतीस वर्षं दिवाणजी होतो. आता घरी बसून सहा वर्षं झाली, पण खोड जात नाही. म्हणून खोकं दिवाळीत आलं तरी त्याच्याबद्दल लिहितोय फेब्रुवारीत. आधी तळापर्यंत हात घालून बघितला.

आमची नात सातवीत आहे. कोरियन मालिका बघून बघून तिला तिकडची अक्षरं यायला लागलीत. लक्ष्मीपूजनाला दारात रांगोळी काढली आणि खाली 'शुभ दीपावली' कोरियन अक्षरांत लिहिलं. शेजारणी विचारत होत्या, हे कुठलं यंत्र काढलंय, बाधा-बिधा झाली का घरात? तिनंच मला फोनवर हे खोकं दाखवलं. कोरिया, जपान आणि चीनच्या लोककथा, मराठीत, कामिशिबाई संच, किंमत २,८५० रुपये. मी म्हणालो, एवढ्यात तुरीचे अर्धं पोतं येईल. ती म्हणाली, "आबा, घ्या की." घेतलं.

विकणारी कंपनी बाहेरच्या राज्यातली आहे. नाव लिहीत नाही, कारण पुढं मी तिच्या मालात खोट काढणार आहे आणि फोनवरची मुलगी फार गोड बोलली. खोकं 'पोचलं' असा मेसेज आला तेव्हा ते दोन गल्ल्या पलीकडच्या पिठाच्या गिरणीत होतं आणि त्यावर कुणाच्या तरी दळणाचा डबा ठेवलेला होता. एक कोपरा दबला, बाकी माल शाबूत.

कामिशिबाई हा जपानी शब्द. कामी म्हणजे कागद, शिबाई म्हणजे नाटक. १९३० च्या आसपास जपानच्या शहरांत सायकलच्या कॅरियरवर लाकडी चौकट बांधून माणसं गल्लोगल्ली हिंडायची. दोन लाकडी ठोकळे एकमेकांवर हाणायचे, पोरं गोळा झाली की आधी गोळ्या-मिठाई विकायची, मग चौकटीत एकेक चित्र सरकवत गोष्ट सांगायची. गोळी घेणारं पोर पुढं, फुकट बघणारं मागं. धंद्याचं गणित चोख होतं. पुढं टीव्ही आला तेव्हा तिकडं त्याला 'विजेवरचं कामिशिबाई' म्हणायचे, आणि त्या विजेवरच्यानंच सायकलवरच्याला बसवलं. आपल्याकडंही चित्रकथी हेच करत आलेत. पैठणच्या नावानं ओळखली जाणारी, मोठमोठ्या डोळ्यांच्या राजे-राक्षसांची ती जुनी चित्रं पुण्याच्या केळकर संग्रहालयात जपून ठेवलीत. म्हणजे लातूरच्या ओट्यावर हे खोकं ठेवलं तर फार काही परकं दिसत नाही.

आता माल. चौकट पाइनच्या लाकडाची, रंधा नीट मारलेला, हाताला कुसळ लागत नाही. पुढं तीन झडपा आहेत, दोन बाजूंना आणि एक वर. त्या उघडल्या की खरंच नाटकाचा पडदा उघडल्यासारखं वाटतं, पोरं आपोआप गप होतात. चित्रांचे पत्ते लग्नपत्रिकेच्या तिप्पट जाड. त्यांना चकाकी नाही हे फार बरं केलंय; ओट्यावरच्या बल्बखाली शेवटच्या पायरीवरच्या पोरालाही चित्र दिसतं. गोष्टी आठ आहेत, पाच कोरियाच्या, दोन जपानच्या, एक चीनची, प्रत्येकीचे बारा पत्ते. सोबत ते दोन ठोकळे. ते मी वापरत नाही, आमच्या चिपळ्या चालतात. बिजागऱ्या मात्र पत्र्याच्या आहेत. पंधराव्या दिवशी वरची झडप हातात आली.

पत्त्यांची मांडणी हुशारीची असते. पुढचं चित्र काढून मागं सरकवलं की त्याची पाठ सांगणाऱ्याच्या तोंडासमोर येते. म्हणून पहिल्या चित्राचा मजकूर बाराव्याच्या पाठीवर छापतात, दुसऱ्याचा पहिल्याच्या पाठीवर, असं. आमच्या खोक्यात वाघाच्या गोष्टीच्या दोन पाठी एकमेकींच्या जागी छापल्यात. पहिल्याच संध्याकाळी बारा-चौदा पोरांपुढं मी ऐटीत वाचत होतो. चित्रात वाघ अजून झाडाखाली उभा राहून वर बघतोय आणि माझ्यापुढं मजकूर आला, 'दोर तुटला आणि वाघ खाली कोसळला.' समोरच्या सुताराचा पोरगा म्हणाला, "आबा, अजून चढलाच न्हाई की त्यो, पडला कसा?"

फोन केला. नवव्या दिवशी बरोबर मजकूर व्हॉट्सॲपवर आला, सोबत निरोप की छापून चिकटवून घ्या. बदली माल हवा असेल तर खोकं परत पाठवायचं भाडं तुमचं. आडतीत असलं कुणी बोललं असतं तर पट्टीवर सहीच झाली नसती. पण पोरं वाट बघत होती. मैद्याची खळ केली आणि चिकटवलं.

खरी तक्रार मजकुराच्या मराठीची आहे. प्रत्येक गोष्ट 'एकदा एका वेळी' अशी सुरू होते. आटपाट नगर कुठं गेलं? आणि कोरियन लोकांची सुरुवात तर याहून भारी आहे, ती नातीनं सांगितली: 'वाघ तंबाखू ओढायचे त्या काळी.' तंबाखू कोरियात सतराव्या शतकाच्या सुरुवातीला पोचली, म्हणजे वाघानं तरी ती कधी ओढली हे विचारू नये. तिकडच्या जुन्या लोकचित्रांत लांब दांडीची चिलीम तोंडात धरलेला वाघ असतो आणि चिलीम पेटवायला ससे. तेच चित्र या संचाच्या झाकणावर छापलंय, आतल्या मजकुरात मात्र त्याचा पत्ता नाही. नव्वदीची आमची माय मिस्री लावते. तिला ही सुरुवात एवढी आवडली की आता रोज संध्याकाळी ती मलाच विचारते, "वाघानं वढली का रं आज?"

त्याच वाघाच्या गोष्टीत एक बाई दुसऱ्याच्या घरचं काम करून डोंगर ओलांडत घरी चाललीय. डोक्यावर दुरडी. प्रत्येक टेकडीवर वाघ आडवा येतो आणि म्हणतो, 'एक दे, नाहीतर तुला खातो.' कोरियन गोष्टीत दुरडीत 'त्तॉक' असतं, तांदूळ वाफवून, कुटून केलेला चिवट गोळा. आमच्या पत्त्यावर छापलंय 'मला एक केक दे'. डोंगरातल्या गरीब बाईच्या दुरडीत केक कुठून येणार? तिसऱ्या वेळी मी पत्त्याकडं बघणं सोडलं आणि म्हणालो, "एक धपाटं दे, नाहीतर तुला खातो." झालं. दुसऱ्या टेकडीपासून पोरं माझ्या आधी ओरडायला लागली. आता सकाळी दूधवाल्याला बी गल्लीत हेच ऐकावं लागतं.

पुढची गोष्ट तुम्हाला ठाऊक नसेल तर थोडक्यात सांगतो. धपाटी संपतात, वाघ बाईला खातो, तिचं लुगडं नेसून तिच्या घरी जातो. दार उघडा, माय आली. लेकरं म्हणतात, हात दाखव. हाताला केस. दोघं मागच्या दारानं पळून विहिरीकाठच्या झाडावर चढतात. वाघ विचारतो, कसं चढलात? भाऊ म्हणतो, बुंध्याला तिळाचं तेल लावून. वाघ तेल लावतो आणि घसरतो. बहिणीला हसू येतं आणि ती बोलून जाते की कुऱ्हाडीनं खाचा केल्या. वाघ खाचा करून वर यायला लागतो. लेकरं आभाळाला विनवतात, वाचवायचं असेल तर चांगला दोर सोड, मारायचं असेल तर कुजका. चांगला दोर येतो, लेकरं वर जातात. वाघही तसंच मागतो, त्याला कुजका दोर मिळतो. भाऊ सूर्य होतो, बहीण चंद्र. पण बहिणीला रात्रीची भीती वाटते म्हणून अदलाबदल करतात. लोक टक लावून बघायला लागले म्हणून ती एवढी तळपते की तिच्याकडं कुणाला बघताच येऊ नये. नात म्हणाली, "बरोबर केलं." एवढंच.

आता वाघ पडला कुठं? आमच्या पत्त्यावर छापलंय, मक्याच्या शेतात. चित्रात बघा तर उंच ताटं आणि वर गच्च भरलेलं कणीस, सरळ ज्वारी! चित्र काढणाऱ्याला माहीत होतं, मजकूर लिहिणाऱ्यानं चित्राकडं बघितलंही नसावं. मूळ गोष्टीत वाघ ज्वारीच्याच रानात पडतो आणि त्याच्या रक्तानं ज्वारीचं ताट लाल होतं, ते अजून लाल आहे. ज्वारीला कोरियन भाषेत 'सूसू' म्हणतात. लेकराच्या वाढदिवसाला ज्वारीच्या पिठाचे गोळे करून त्यांना मुगासारख्या एका लाल कडधान्याचा भुगा लावतात, लाल रंगानं बाधा टळते म्हणून. जिथं ज्वारीवर पोट चालतं अशा मुलखात ही गोष्ट मका म्हणून विकणं याला काय म्हणावं!

जानेवारीत औशाकडच्या आमच्या शेतात हुरड्याला गल्लीतली नऊ पोरं नेली, खोकंही नेलं. आगटी पेटली होती, बाजेवर चौकट मांडली, मागं मालदांडी उभी. या वेळी ज्वारी म्हणूनच सांगितलं. गोष्ट संपली तशी सगळी हुरड्यावर पडली. सुताराचा पोरगा तेवढा दिसेना. जरा वेळानं बांधाकडून आला, हातात एक ताट. ते त्यानं आगटीच्या उजेडात धरलं आणि पाचट सोलून दाखवलं. पेरावर बोटभर लांबीचा लाल-जांभळा डाग. "आबा, ह्ये बगा. हितं पडला."

ज्वारीला कीड लागली किंवा बुरशी धरली की ती जागा अशीच लालसर-जांभळी पडते. कडबा बघण्यात जन्म गेलाय, मला हे ठाऊक आहे. पण मी काही बोललो नाही. परत निघताना गाडीत तीन ताटं होती.

सशाच्या काळजाची गोष्ट आल्याबरोबर माय म्हणाली, "ही तर माकडाची हाय." आहेच. समुद्रातल्या नागराजाला, म्हणजे तिकडच्या ड्रॅगन राजाला, दुखणं झालंय, औषध म्हणजे सशाचं काळीज. कासव फूस लावून सशाला पाण्याखाली नेतं. ससा म्हणतो, अरे देवा, काळीज तर मी घरी धुऊन वाळत घातलंय, आधी सांगायचं नाही का? पंचतंत्रातलं माकड आणि मगर, जांभळाचं झाड, सगळं तेच, फक्त जनावरं बदलली. जातककथांसोबत, बौद्ध भिक्खूंच्या वाटेनं ती चीनमधून कोरियात गेली. अजिंठ्याच्या भिंतींवर जातकं रंगवणारे आपलेच लोक, तेव्हा आपला माल कुठल्या कुठल्या बाजारात उतरला याचा हिशेब आपणच ठेवलेला नाही. कोरियाच्या ११४५ सालच्या 'सामगुक सागी' या इतिहासग्रंथात तर भलताच प्रसंग आहे. इसवी सन ६४२ मध्ये शिल्ला राज्याचा किम चुनचू शेजारच्या राज्यात मदत मागायला गेला आणि तिथंच अडकवला गेला. तिथल्या एका दरबाऱ्यानं त्याला ही सशाची गोष्ट ऐकवली. माणूस समजला काय समजायचं ते. राजाला म्हणाला, तुम्ही मागता तो मुलूख मी घरी जाऊन मिळवून देतो. आणि सुटला.

आमच्या आडतीत ही गोष्ट दर आठवड्याला घडायची. वसुलीला जा, खरेदीदार म्हणणार, "दिवाणजी, चेकबुक घरी राहिलं की." काळीज वाळत घातलेलं असायचं.

ही गोष्ट आणि हुंगबू-नोलबू या दोन भावांची गोष्ट कोरियात गाऊनही सांगतात. त्या गायकीला पानसोरी म्हणतात. एक गाणारा, हातात पंखा, आणि एक ढोल वाजवणारा. आख्यान तासन्‌तास चालतं. ढोलवाला मधे मधे 'ऑल्सिगू!' अशी दाद देतो, बघणारेही देतात. गोंधळात संबळवाला आणि झीलकरी जे करतात तेच. पूर्वीच्या बारांपैकी पाच आख्यानं उरलीत, २००३ साली युनेस्कोनं त्यांची दखल घेतली. नातीनं फोनवर ऐकवलं तर माय म्हणाली, आवाज बसलाय बिचारीचा. बसलेला नाही, तो तसा मुद्दाम कमावतात. हे सगळं खोक्यात एका ओळीनंही नाही. एक पानभर माहिती घातली असती तर बिघडलं नसतं. दोन भावांची गोष्ट स्वतः ठीक आहे, पाय मोडलेली पाकोळी, तिनं आणलेलं भोपळ्याचं बी, भोपळ्यात धन. पोरांनी तिला 'चल रे भोपळ्या'च्या खात्यात जमा करून टाकलं. पीचमधून निघालेला जपानी मोमोतारो पोरांना आवडला, मला नाही. कुत्रा, माकड आणि रानकोंबडा एका लाडवावर लढाईला तयार होतात, हमालसुद्धा तेवढ्यावर गाडी उतरवत नाही.

दुसरी जपानी गोष्ट मात्र माझी लाडकी. एका म्हाताऱ्याच्या गालावर मोठं आवाळू असतं. (हा शब्द पत्त्यावर नाही, तिथं 'गालावरची गाठ' आहे. आवाळू म्हटलं की पोरं हसतात, गाठ म्हटलं की घाबरतात.) रानात रात्री राक्षस नाचत असतात, म्हाताराही त्यांच्यात नाचतो. राक्षस खूश. उद्या परत यायलाच पाहिजे म्हणून त्याचं आवाळू गहाण ठेवून घेतात. शेजारच्या म्हाताऱ्यालाही आवाळू असतं, त्याला वाटतं आपलंही जाईल. दुसऱ्या दिवशी तो जातो आणि वाईट नाचतो. राक्षस म्हणतात, जा बाबा, हे तुझं गहाण, आणि पहिल्याचं आवाळू त्याच्या दुसऱ्या गालाला चिकटवतात. रक्कम बरोबर, खातं चुकीचं. मी आडतीत दोनदा हे केलंय आणि दोन्ही वेळा मालकांची बोलणी खाल्लीत. ही गोष्ट जपानच्या तेराव्या शतकातल्या संग्रहात सापडते. कोरियातही ती आहे, तिथं राक्षसांच्या जागी 'तोकेबी' असतात. हे तोकेबी म्हणजे टाकून दिलेल्या जुन्या केरसुणीतून वगैरे झालेली भुतं, खोडकर, कुस्तीची शौकीन. वाटसरूला रात्रभर कुस्तीला धरतात, सकाळी बघावं तर माणूस केरसुणीशी झटतोय. हे खोक्यात नाही, नातीकडून कळलं. असायला हवं होतं. झोटिंग आणि मुंज्याच्या गावात ते हातोहात खपलं असतं.

कोंगज्वी आणि पातज्वीची गोष्ट मी सगळ्यात शेवटी काढली, कारण नावाचा अर्थ कळायला वेळ लागला. 'कोंग' म्हणजे सोयाबीन! सावत्र आईच्या जाचातली पोर सोयाबीनच्या नावाची आणि सावत्र बहीण 'पात', म्हणजे ते वर सांगितलेलं लाल कडधान्य. मी नोकरीला लागलो तेव्हा आडतीत तूर, मूग, उडीद, करडई अशी पोती यायची. सोयाबीन नंतर आलं आणि सगळं यार्ड व्यापून बसलं. तरी आपण त्याचं काय करतो? तेल काढतो, पेंड विकतो. तिकडं ते शिजवून, कुटून, विटा करून पेंढ्यानं बांधून टांगतात, बुरशी धरू देतात, मग मिठाच्या पाण्यात मुरवतात. त्यातून त्यांचा सोया सॉस निघतो आणि 'त्वेंजांग' नावाची चटणीसारखी लगदी. २०२४ साली युनेस्कोनं या करण्याच्या पद्धतीलाही यादीत घेतलं. बुरशी धरलेला माल आमच्याकडं आला असता तर मी गेटवरूनच परत पाठवला असता.

गोष्टीत सावत्र आई कोंगज्वीला तळ फुटका रांजण भरायला सांगते. ती पाणी ओतते, पाणी वाहून जातं. शेवटी एक मोठा बेडूक रांजणात शिरून भोकावर पाठ लावून बसतो आणि रांजण भरतो. या चित्रापाशी गल्लीतल्या दोन आया थांबल्या. २०१६ च्या उन्हाळ्यात मिरजेहून रेल्वेनं पाणी आलेलं लातूर आहे हे. एकीनं माझ्याकडं बघून म्हटलं, "बेडूक कुटं मिळंल का बगा की दिवाणजी."

अस्वलाची गोष्ट म्हणजे कोरियाच्या पहिल्या राजाची, तानगुनची. स्वर्गातला ह्वानुंग तीन हजार जणांसह डोंगरावरच्या एका पवित्र झाडाखाली उतरतो, सोबत वारा, पाऊस आणि ढग यांचे अधिकारी. एक अस्वल आणि एक वाघ त्याला म्हणतात, आम्हाला माणूस कर. तो त्यांना लसणाच्या वीस पाकळ्या आणि एक पेंडी रानपाला देतो आणि सांगतो, हे खा, शंभर दिवस ऊन बघू नका. वाघाला दम निघत नाही, तो पळतो. अस्वल टिकतं आणि एकविसाव्या दिवशीच बाई होतं. तिचा मुलगा तानगुन. कोरियन परंपरा त्याच्या राज्याची सुरुवात इसवी सनपूर्व २३३३ मध्ये धरते, ३ ऑक्टोबरला तिकडं त्याची सरकारी सुट्टी असते. इर्यॉन नावाच्या भिक्खूनं तेराव्या शतकात 'सामगुक युसा'त हे लिहून ठेवलं. पत्त्यावर त्या पाल्याला 'औषधी गवत' म्हटलंय. ते गवत बिवत नव्हे, आपल्या दवण्याच्या कुळातलं झुडूप आहे. चैत्रात देवाला दवणा वाहणाऱ्या लोकांना दवण्याचा भाऊ म्हटलं असतं तर वास आला असता नाकाला. पोरांचा प्रश्न वेगळाच होता, नुसता लसूण एकवीस दिवस खाल्ल्यावर तिच्याशी लग्न कुणी केलं? ह्वानुंगानं केलं.

आता चीनची गोष्ट. हिचा मजकूर त्यातल्या त्यात बरा आहे आणि चित्रं सगळ्यांत सुंदर. भाऊबीजेच्या रात्री आम्ही शेतावर होतो. चंद्रकोर लवकर मावळली, आभाळ काळंभोर, पश्चिमेकडं आकाशगंगा उतरलेली. खोकं बाजेवर, बॅटरी नातीच्या हातात. गोष्ट एका गुराख्याची आणि स्वर्गातल्या विणकर मुलीची. त्यांचं लग्न होतं, दोन लेकरं होतात, मग स्वर्गाची राणी मुलीला परत नेते. गुराखी खांद्यावर कावड घेतो, एका टोपलीत एक लेकरू, दुसरीत दुसरं, आणि तिच्यामागं आभाळात धावतो. राणी केसातला आकडा काढून आभाळावर रेघ ओढते, तीच आकाशगंगा. दोघं दोन काठांवर. वर्षातून एकदा, सातव्या महिन्याच्या सप्तमीला, पक्षी एकमेकांना धरून पूल करतात आणि त्यांची भेट होते. कोरियातही ती रात्र पाळतात आणि त्या दिवसाच्या पावसाला त्या दोघांची आसवं म्हणतात. जपानमध्ये बांबूला इच्छांच्या चिठ्ठ्या बांधतात, तिथं आता बऱ्याच ठिकाणी ७ जुलै धरतात. जुन्या पंचांगानं ती तिथी साधारण आपली श्रावण शुद्ध सप्तमी पडते, नागपंचमीनंतर दोन दिवसांनी.

विणकर मुलगी म्हणजे आपला अभिजित तारा. नातीनं फोनवर बघून तो शोधला. मग ती म्हणाली, आबा, नदीच्या अलीकडं तो गुराखी, त्याच्या दोन्ही बाजूंना बारीक चांदणी, ती त्याची लेकरं. मी बघितलं. मधे ठळक तारा, दोन्हीकडं एकेक मंद. हा तारा मला लहानपणापासून ठाऊक आहे. माय पलीकडच्या बाजेवर गोधडीत होती, मला वाटलं झोपली.

"त्यो सरवण हाय," ती म्हणाली. "कावड घेऊन चाललाय. आंधळी माय हिकडं, बाप तिकडं."

श्रवण नक्षत्र. तीच तीन चांदणं, तीच कावड. नातीनं तिला समजावून सांगितलं की पणजी, चीनमध्ये कावडीत लेकरं आहेत, बाप त्यांना घेऊन आईकडं चाललाय. माय बराच वेळ वर बघत राहिली. मग तिनं विचारलं, "मंग म्हाताऱ्यायला कुटं बसिवलं?"

कुणाला उत्तर आलं नाही. नातीनं बॅटरी बंद केली आणि पत्ते गोळा केले.

दरवेळी पत्त्यावरचं मराठी वाचून दाखवायचं असेल तर हे खोकं घेऊ नका, पोरं तिसऱ्या दिवशी पांगतील. एकदा स्वतः वाचून, पत्ता बाजूला ठेवून सांगायची तयारी असेल तर पैसे फिटतात. आमच्या नातीनं आठपैकी पाच गोष्टींवर कोरा कागद चिकटवून आपल्या हातानं मजकूर लिहिलाय, माझ्या तोंडचा ऐकून. त्यात केक नाही, मका नाही. चित्रांना मी दहापैकी नऊ देईन, लाकडाला आठ, मजकुराला तीन, तेही चीनच्या गोष्टीमुळं. ऑनलाइन सेल लागतो तेव्हा किंमत चार-पाचशेनं उतरते असं नंतर दिसलं, तेव्हा घाई करू नका. आणि आल्या आल्या पत्ते चौकटीत लावून पाठी जुळतात का बघा, विशेषतः वाघाच्या.

बिजागऱ्या पहिल्याच दिवशी बदला. गंजगोलाईत कुठल्याही हार्डवेअरच्या दुकानात पितळी मिळतात. एक इंचीच मागा. मी दीड इंची आणल्या होत्या, त्या लावल्यावर वरची झडप मिटेना, परत जावं लागलं.